मिठाचं पाणी

चामोर्शीच्या बसची वाट पाहत माझ्या मागच्या बाकावर दोघी बसल्या होत्या. म्हाताऱ्या सुगंधाबाई, आणि मांडीवर पोटली धरलेली पुनम.

"बियाणं इकत आणाले काऊन चालली पुनम? तुह्या मायनं मरायच्या आधी ठेवलं होतं ना धान?"

"ठेवलं होतं, बाई. सकाळी मिठाच्या पाण्यात टाकून पाह्यलं. भरलेलं खाली बसते म्हणतात ना? सारंच वर तरंगलं."

"मीठ किती टाकलं?"

"मोजलंच नाई. टाकलं की दिसेनासं होये. मायची याद येऊन राह्यली होती. मी टाकतच राह्यली, ढवळतच राह्यली."

"अंडं सोडून पाह्यलं?"

"सोडलं. डोंग्यावानी वरवर फिरे. पाहतच बसली मी."

"पाण्याच्या वर अंडं नुसतं टिकलीएवढं दिसाले पाह्यजे, पोरी. मीठ कुठी जात नाई. दिसत नाई, पण पाण्यातच राह्यते, पाणी जड करते. तेवढ्या जड पाण्यात भरलेलं धानही तरंगते."

"म्हणजे मायचं धान..."

"कोंबड्यायले टाकलं असन ना तुनं?"

"नाई टाकवलं, बाई. हे काय, मांडीवर आहे."

"मंग ऊठ. समोर हापशी आहे. गोड्या पाण्यानं धू."

"बाई, बस आली."

"जाऊ दे तिले."