वीतभर पट्टी

(शिंप्याचं दुकान. मधोमध कापड बेतायचं लांबरुंद टेबल. एका बाजूला थोरला भाऊ, दुसऱ्या बाजूला धाकटा, मध्ये त्यांची आत्या.)

थोरला : आत्या, त्याला सांग, माझा हिस्सा पलीकडच्या रेघेपर्यंत आहे.

धाकटा : मग त्यांनाही सांग, माझाही पलीकडच्याच रेघेपर्यंत आहे. त्यांच्या बाजूच्या.

आत्या : मी काय टपाल आहे का रे? मध्ये टेबल आहे, डोंगर नाही.

थोरला : तीन वर्षं कोर्टात वकिलामार्फत बोललोय. एकदम तोंडानं कसं बोलणार?

आत्या : बरं, मीच विचारते. तुमच्या बापानं जाण्याआधी फरशीवर रंगानं दोन रेघा ओढल्या. दोन्हींमध्ये वीतभर पट्टी. का ओढल्या असतील दोन?

धाकटा : हात थरथरत होता बाबांचा. पहिली चुकली म्हणून दुसरी ओढली.

थोरला : बाबांचा हात? शेवटपर्यंत गुंड्यांची काजं करत होते ते! पहिलीच खरी.

आत्या : आणि पहिली कुठली?

थोरला : ...तेच तर भांडण आहे.

आत्या : न्यायाधीश काय म्हणाले?

धाकटा : उद्याच्या तारखेला तडजोड करून या, नाहीतर भिंत कुठे घालायची ते मी ठरवीन. एकदा भिंत आली की हे टेबल करवतीनं कापायचं.

आत्या : ज्याच्याखाली तुम्ही दोघं चिंध्यांवर झोपायचात, ते?

थोरला : तेच.

आत्या : हं. हे घ्या, उशीच्या खोळीचे दोन तुकडे. धाकट्या, जोड बघू. पण काठाला काठ. जास्तीचं कापड आत घ्यायचं नाही.

धाकटा : असं कसं जमेल? टाका कुठे घालू? पहिल्याच ओढीला उसवेल. दोन्हीकडून मार्जिन हवं.

आत्या : आणि ते मार्जिन कुणाचं? या तुकड्याचं की त्या?

धाकटा : कुणाचंच नाही. शिवणीचं असतं ते.

थोरला : थांब... थांब जरा. बाबा म्हणायचे ना, दोन बोटं कापड वाया गेलं तरी चालेल, पण शिवणीला जागा सोडा.

आत्या : वाटणीसुद्धा शिंप्यानंच बेतली रे! दोघं हाडाचे शिंपी, आणि बापाच्या रेघांचा अर्थ वकिलांना विचारत फिरलात.

धाकटा : त्यांनी फी मात्र मार्जिन धरून घेतली.

थोरला : हसवू नकोस म्हणावं त्याला. म्हणजे... पट्टी सामाईक. भिंत नाही. टेबल आहे तिथंच राहील. उद्या तसंच लिहून द्यायचं.

आत्या : धाकट्या?

धाकटा : खिडकी त्यांच्या बाजूला आहे. मला काळं कापड बेतायचं असलं, तर उजेड कुठून आणू?

थोरला : तर इकडे यावं. हाकलतंय कोण?

धाकटा : मग सही करतो.

आत्या : झालं! एवढ्यासाठी माझे गुडघे झिजवलेत. उठते आता.

थोरला : बाबांची मोठी कात्री कुठाय?

आत्या : मला काय ठाऊक?

थोरला : तुला नाही गं आत्या. त्याला विचारतोय.

धाकटा : माझ्याकडेच आहे, दादा. धार लावून ठेवलीय.