झेंडावंदनाला आलेला नळ

माझ्या फिल्ममधले ते चेहरे कसे मिळाले, ऐका. मुकुंदवाडीत आमच्या गल्लीचं झेंडावंदन. मी कॅमेरा लावलेला. राष्ट्रगीत सुरू झालं आन् नेमका आठवड्यानं नळ आला! रिकाम्या ड्रमात पडणारी धार सगळ्यांनाच ऐकू येत होती, पण हलणार कसं? शेजारच्या शबानाभाभींचे डोळे घराकडं, कांबळेकाकांची बोटं चपलेत वळवळतायत. माझाबी ड्रम रिकामाच. शेवटचं ‘जय हे’ झालं आन् आम्ही सगळे पळालो. भाषणाचा कागद धरून पाहुणे तेवढे राहिले.

पुण्यात फिल्म दाखवली, तर ते चेहरे बघून एक बाई डोळे पुसत म्हणाल्या, “देशासाठी केवढी ही तळमळ!”

म्हणलं, “व्हय बाई, आमच्याकडं आठवड्यातून एकदा होतेच.”