आईची मूठ

(फोनवर. रविवारची सकाळ.)

मुलगी: कुत्र्यांचं काम असेल बाबा. कुत्री मुतली की गवत असंच करपतं.

वडील: एवढ्या शिस्तीत नाही मुतत कुत्री. ओळीने डाग आहेत. सरळ रेषेत, सारख्या अंतरावर. फाटकापासून कपड्यांच्या तारेपर्यंत.

मुलगी: मग?

वडील: मग काय, मीच. गेल्या आठवड्यात खत टाकलं. आईच्या ड्रममधलं.

मुलगी: अहो, पण किती टाकलंत?

वडील: ती टाकायची तेवढंच. दोन पावलांना एक मूठ. ती गेल्यापासून लॉनला काही मिळालंच नव्हतं गं. फिकट पडत चाललं होतं. म्हटलं, आपण टाकू या.

मुलगी: जन्मभर लोकांच्या जमिनी मोजल्यात तुम्ही. आणि घरच्या लॉनला मुठीने?

वडील: तिने मला तिथे टेप लावू दिली का कधी? "हा तुमचा सर्व्हे नाही, माझं गवत आहे," म्हणायची. म्हटलं, तिचंच आहे तर तिच्याच पद्धतीने होऊ दे.

मुलगी: पण बाबा, तिची मूठ आणि तुमची मूठ!

वडील: हो. ते डाग दिसल्यावर कळलं. पावलं मात्र तिच्याएवढीच टाकली बरं का. संध्याकाळी तिच्याबरोबर फिरायला जायचो ना, तेव्हा मी पाऊल आखूड टाकायचो. ती सवय पायाला आहे अजून. एकटा जातो तरी आखूडच पडतं. हाताचं डोक्यातच आलं नाही.

मुलगी: फोटो पाठवा मला लॉनचा.

वडील: नको. बघवत नाही.

मुलगी: बरं, ऐका. जिथे जळलंय तिथे रोज भरपूर पाणी सोडा. खत खाली जाईल. मुळं जिवंत असली तर फुटेल परत.

वडील: सोडतोय. पाइप धरून उभा असतो संध्याकाळी. शेजारचे म्हणाले, काका, तुमच्याकडे वेळ बरा आहे.

मुलगी: त्यांना काय जातंय बोलायला.

वडील: नाही, खरंच आहे ते. वेळ आहे. आता प्रश्न पलीकडच्या अर्ध्या भागाचा. तारेच्या पलीकडे अजून टाकलं नाही. तिथे तरी नीट पडायला हवं. रोपवाटिकेत विचारून आलो. तो म्हणतो, पिशवीवर काय लिहिलंय ते सांगा, मग हिशोब सांगतो. पिशवी कुठली आणू? तिने सगळं ड्रममध्ये ओतून पिशव्या फेकून दिलेल्या.

मुलगी: मग ते राहू दे ना. दुसरं आणा.

वडील: अर्धा ड्रम आहे. तिने भरलेला.

मुलगी: ...बरं. मग काय करायचं म्हणता?

वडील: तिची मूठ किती ग्रॅमची होती ते कळलं, तर पुढचं मी करतो. म्हणून तुला फोन केला. तिचे बागेतले हातमोजे तू नेलेस ना?

मुलगी: हो. सिंकखाली आहेत. का?

वडील: तुला बरोबर बसतात ते. माझी तर बोटंसुद्धा जात नाहीत. ती मोजे घालूनच टाकायची खत. तू घाल, साखरेची मूठ भर आणि काट्यावर टाक. दाणा साधारण साखरेएवढाच आहे.

मुलगी: त्या मोज्यांनी साखर? माती आहे बाबा त्यांना.

वडील: असू दे. मुंग्यांना घाल नंतर.

मुलगी: थांबा, फोन स्पीकरवर टाकते. ...काटा कुठे ठेवलाय मी? ...हां, सापडला. वाटी ठेवली, शून्य केलं. मोजा घालते.

वडील: उजवा.

मुलगी: उजवाच. ...

वडील: बसला?

मुलगी: बसला. अंगठ्याला भोक आहे.

वडील: तण उपटून उपटून पडलंय ते. शिवून देतो म्हटलं तर म्हणाली, हवा लागते तेवढीच.

मुलगी: भरली मूठ. टाकू?

वडील: घट्ट नको आवळूस. ती बोटं जरा सैल ठेवायची, कोंबडीला दाणे टाकतात तशी.

मुलगी: तुम्ही बघायचात वाटतं.

वडील: पेपर वाचायचो मी.

मुलगी: हो, माहीत आहे कसा वाचायचात. ...पस्तीस ग्रॅम.

वडील: परत. एका मापावर भागत नाही.

मुलगी: अडतीस.

वडील: परत.

मुलगी: पस्तीस. ओट्यावर नुसती साखर झालीय बाबा.

वडील: सरासरी छत्तीस. थांब, माझीही मूठ करतो आता खताची. काट्यावर वर्तमानपत्र घालून ठेवतो. ...अडुसष्ट. जवळजवळ दुप्पट.

मुलगी: तरीच.

वडील: तिची दोन पावलं म्हणजे सव्वा मीटर. हात फिरवायची त्याची रुंदीही तेवढीच. म्हणजे एका मुठीत दीड चौरस मीटर, जरा जास्तच. मीटरला चोवीस ग्रॅम धरू. राहिलेला भाग साठ चौरस मीटर भरतो.

मुलगी: तो कधी मोजलात?

वडील: आज सकाळी. टेपचं दुसरं टोक धरायला कोणी नव्हतं, विटेखाली ठेवलं.

मुलगी: ...साठ गुणिले चोवीस.

वडील: चौदाशे चाळीस. दीड किलोला थोडं कमी.

मुलगी: सगळं एकदम नका टाकू. दोन भाग करा. एक उभा फिरून, एक आडवा. म्हणजे कुठे ढीग पडणार नाही. आणि लगेच पाणी.

वडील: हे तुला कोणी सांगितलं?

मुलगी: तिनेच. मी तिच्या मागेमागे चालायचे ना, रिकामी मूठ उडवत.

वडील: हो. चालायचीस. ...येतेस का गं? म्हणजे, मुद्दाम नको. कधी जमलं तर.

मुलगी: या महिन्यात रजा नाही बाबा. पुढच्यात बघते.

वडील: बघ. घाई नाही. गवत काय, उगवतच असतं.

मुलगी: नाही, बघते म्हणजे येते. आणि त्या ड्रममधलं किती वेळा पुरेल, काढलंत?

वडील: नाही.

मुलगी: सोपं आहे ते. ड्रममधलं सगळं वजन करायचं आणि भागायचं—

वडील: येतं गं मला. तेवढं एक राहू दे.