कॉलर होईपर्यंत

हॅलो? … हॅलो, चिमे? ताई बोलतेय… अगं कोर्टातूनच, जिन्यात उभी आहे. … मोठ्याने बोल, इथे सगळेच वकील एकदम बोलतायत.

ऐक ना, आधी माझं ऐक. आपला अर्ज घेतला! … हो, हो… स्वतःचाच निकाल पुन्हा तपासणार म्हणाले जजसाहेब. आणि तोवर दुकानाच्या ताब्याला स्थगिती. … आत्ताच. तशीच बाहेर आले तुला सांगायला.

रडतेयस? … का पण? … कोण आलाय? बेलिफ? … आणि जागेच्या मालकाचा मुलगा कुलूप घेऊन?

अगं, तो खालच्या मजल्यावरच्या कोर्टाचा. बेदखलीचं प्रकरण तिथे वेगळं चालू आहे ना… जुन्याच निकालावर पाठवलंय त्याला. वरचं खाली कळायला कागद लागतो. टाइप होतोय, वकीलकाका डोक्यावर उभे आहेत.

सांग त्याला, स्थगिती मिळाली म्हणून. … तोंडी चालत नाही? … बरोबर आहे, त्याचा तरी काय दोष.

चावी दिली नाहीस ना? … चिमे? …

दिलीस.

झाडूनसुद्धा घेतलंस? कपाटं बाहेर? … हो गं, माहितीये, बाबा म्हणायचे, गिऱ्हाइकाचं कापड चिंधीसकट परत द्यावं. पण हे गिऱ्हाइकाचं नव्हतं. आपण अजून हरलो नव्हतो, चिमे.

नाही, चिडले नाहीये. … बरं, चिडलेय. ते नंतर बघू.

नीट ऐक. दुकान रिकामं होऊन त्याला कुलूप लागलं, की स्थगितीला थांबवायला काही उरत नाही. काकांनी बजावलंय. … आणि अगं, जज विचारत होते, ‘दुकान कायम बंद असतं’ हे निकालात आलं कुठून? काकांनी तारीख दाखवली. कोर्टाने पाहणीला पाठवलेला माणूस आला तो दिवस… हो. बाबांना स्मशानात नेलं, तोच. … उभ्या जन्मात एक दिवस ते दार बंद राहिलं, आणि नेमकं तेच निकालात जाऊन बसलं. … जजसाहेबांनी चष्मा काढून ठेवला नुसता.

आई कुठेय? … आतच? … उठत नाही म्हणजे?

बाबांनी कापून ठेवलेला कोट? … अगं, इतके महिने हात लावला नव्हता तिने. … हो, मशीनवरचं काम अर्धं टाकून उठायचं नाही, तिचंच ते. … आणि बेलिफ? … स्टुलावर बसलाय? ‘होऊ द्या आजीबाईंचं’ म्हणाला? … भलं होवो त्याचं.

किती राहिलाय कोट? … नुसती कॉलर?

फोन दे तिला. … मशीन चालू असू दे, तू कानाशी धर.

आई? … हो, मीच. … खाल्लं गं, खाल्लं काहीतरी. … आई, आयुष्यभर लोकांनी तुला घाई केली. आज सावकाश शिव. … काय? कॉलर लागलीसुद्धा?

मग उसव.

… वाकडी नाहीये, माहितीये मला. तुझी शिवण कधी वाकडी गेलीय? … तरी उसव. उसव आणि परत लाव. मी कागद घेऊन पोचेपर्यंत. … नाही गं, बाबांनी कापलेलं कुठे बिघडतंय? टाकेच तर जातायत. … आई? …

चिमे? मशीन थांबलं का गं? … उठली? … नाही? मग?

… छोटी कात्री मागतेय?

दे. लवकर दे… नाही, लवकर नको. सावकाश शोध, मग दे. … ठेवते, काका हाक मारतायत.