हरेश्वरचा कोपर

रेवसच्या धक्क्यावर लाँच लागायची होती. माझ्या पुढे रिकाम्या पाट्या घेऊन दोन कोळणी बसल्या होत्या.

“भागुबाय, तुजा हरेश्वर मुंबैहून परत आला म्हंतात?”

“आला गो केसर. गिरनीत साचा चालवायचा न्हवता त्याला. त्यांच्या टीममधी नुसता चेंडू टाकायचा, त्याचाच पगार.”

“मग काढला कशाला?”

“पंच बोलला, चेंडू टाकताना याचा हात कोपरात वाकतो. ते चालत न्हाय.”

“चेंडू भलतीकडं जायचा काय?”

“न्हाय गो! समोरचे सगळे औट व्हायचे.”

“मग हात वाकला तर काय बिघडला?”

“तेच मला कळत न्हाय. ल्हानपनापासून पाग फेकतोय तो. हात वाकल्याबिगर जाळा पान्यावर उघडल काय?”

“कसा उघडल?”

“तर गिरनीच्या सायबानं अख्खा पावसाळा कोपराला बांबूची पट्टी बांधून हात सरळ केला. सरळ झाला, तवा कोनी औटच व्हईना. म्हनून घरी धाडला.”

“जाऊ दे. दर्या हाय, पाग हाय.”

“काल गेला व्हता पाग फेकायला.”

“मग?”

“जाळा उघडलाच न्हाय, केसर. धोंड्यासारखा पडला.”