पोलिसांसमोर भरलेली ओटी

मी वलवणची, तोंडानं फटकळ, ते आधीच सांगते, मागनं म्हनू नका. आबा गवंडीकाम करायचे, आई दुसऱ्यांच्या शेतात, अन् मी तुंगार्लीतल्या भाड्यानं देत्यात त्या बंगल्यांवर चादरी बदलते, शनिवार-रविवारचे पावने गेले की सोमवारी लय काम पडतं. लग्न झालं तळेगावच्या पलीकडं, नवरा कंपनीत, घर चांगलं, फकस्त त्याचा हात उठायचा. सासूबाई मधी पडायच्या, तर त्यांनाबी ढकलायचा. शेवटी पोरीला, आरूला, काखोटीला मारलं अन् माहेरी आले.

मंग काय सांगू तुमाला, मी कामावर असताना ह्यो अंगनवाडीतनं पोरीला घिऊन गेला. तिथल्या बाईंनी दिली, बाप म्हनल्यावर त्या तरी काय करतील. फोन लावला तर म्हनला, नांदायला ये, पोरगी हितंच हाय. नांदायला गेले असते तर मेले असते, न्हाई गेले तर पोरगी गेली. कोर्टात गेले. लय तारखा झाल्या, मंग हुकूम झाला, निकाल लागंपतुर पोरगी आईकडं, अन् आनायला पोलिसांनी संगं जायाचं.

पोलिसांच्या गाडीतनं जायचं तरी सासरी जातोय म्हनून मी साडी नेसले, सवय हो. बाई पोलीस हुत्या, मी त्यांना मॅडम म्हनते, त्या म्हनल्या, ताई, तोंड उघडायचं नाही, पोरगी घ्यायची अन् गाडीत बसायचं. गल्लीत दिरानं मोटरसायकली आडव्या लावलेल्या, सगळी भावकी जमलेली. मॅडमनी हुकूम वाचला, नवरा म्हनला, नेऊनच दाखवा. आरू सासूबाईंच्या साडीला धरून, माझ्याकडं यीना, मला रडूच आलं. सासूबाईंनीच तिला उचलली अन् माझ्याकडं दिली, नवरा पुढं आला तशा मॅडम मधी उभ्या ऱ्हायल्या.

गाडीपाशी पोचलो तर सासूबाई म्हनल्या, थांब, रिकाम्या ओटीनं जाऊ नको. तांदूळ, नारळ, खन घिऊन आल्या. मॅडम हळूच म्हनल्या, ताई, चला. पन सासू ओटी भरती अन् सून पाठ फिरवती, असं आमच्यात कुटं बघितलंय तुमी? पोरीला मॅडमकडं दिली अन् पदर पसरला. दीर मोबाईलवर शूटिंग काढत हुता, ते मला दिसलं न्हाई.

पुढच्या तारखेला त्यांच्या वकिलानं तेच दाखवलं. म्हनला, बघा साहेब, पोलिसांसमोरच मिटलं हुतं, सुनेला मानानं ओटी भरून चार दिवस माहेरी धाडली, आता ती शब्द फिरवती, पोरगी परत द्या. जजसाहेबांनी इचारलं, मिटलं नव्हतं तर ओटी का घेतली. एवढी मी फटकळ, पन तवा वाटलं, गेली पोरगी.

सासूबाई भाईर बाकावर हुत्या, लेकानं पढवून आनलेल्या. साहेबांनी बोलावलं, आत आल्या, माझ्याकडं बघितलंबी न्हाई. म्हनल्या, मिटलं बिटलं काई न्हाई साहेब, ही परत यायची न्हाई हे मला ठावं हुतं, म्हनूनच भरली, माझा लेक हात उचलतो, पोरगी हिच्याकडंच ऱ्हाऊ द्या, मला फकस्त बघू द्या. तितनं पुढं पोरगी माझ्याकडंच हाय.

केस चालूच हाय अजून. रविवारी चौकीत भेट असती, मॅडमच्या समोर. नवरा येतो, मोबाईल बघत बसतो, आईशी बोलत न्हाई म्हनं, तरी सासूबाई येतात, आरूची वेनी घालतात. देव त्यांना सुखात ठेवो, लय केलं त्यांनी माझ्यासाठी. पन खरं सांगू, मागच्या रविवारी त्यांनी पिशवीतनं नारळ काढला, अन् ओढनी पसरायच्या आधी मी अख्ख्या चौकीत नजर फिरवली, कुनाचा मोबाईल वर हाय का. त्यांनी ते बघितलं. मी ओढनी पसरंपतुर नारळ हातात धरून तशाच थांबल्या.