पोचलीस की कळव

सन्माननीय अध्यक्ष महोदय, मंचावर विराजमान असलेले प्रमुख पाहुणे, आपल्या संस्थेचे संचालक, माझे सहकारी, पुढच्या रांगेत बसलेली माझी लेक आणि मागे दाराशी उभे असलेले, खुर्ची न मिळालेले किंवा मुद्दाम न घेतलेले सर्व मित्रहो, नमस्कार.

माझ्याबद्दल आत्ता जे बोललं गेलं ते ऐकताना मी दोनदा मागे वळून पाहिलं, ही दुसऱ्या कुणाची तर स्तुती नाही ना म्हणून. अशा वेळी कंठ दाटून आला असं म्हणायची रीत आहे. माझा दाटलेला नाही. खोटं कशाला बोलू? गेलं वर्षभर मला फारसं काही वाटतच नाही. दाताच्या डॉक्टरांनी भुलीची सुई दिल्यावर गाल जसा आपला असून आपला नसतो, तसं झालंय. तेव्हा भाषण कोरडं वाटलं तर तो दोष तुमच्या सत्काराचा नाही.

पाहुण्यांची आधी क्षमा मागते. आज खाली फाटकावर त्यांना बराच वेळ बसवून ठेवलं. पहारेकरी म्हणाला, "साहेब, मी ओळखतो हो तुम्हाला. पण वर सोडा असं मला कुणी सांगितलेलं नाही." संचालक त्याच्यावर चिडले. मी म्हणते, त्याला बढती द्या! मी या संस्थेत आयुष्यभर जे घसा कोरडा करून सांगितलं, ते त्याने एका वाक्यात सांगितलं. ओळख वेगळी आणि परवानगी वेगळी.

घरच्या मंडळींसाठी थोडक्यात सांगते, आमचं काम काय ते. इस्पितळाचा प्रोग्राम आमच्या प्रोग्रामकडे येतो आणि म्हणतो, अमक्या रुग्णाचा अहवाल द्या. आमचं दार दोन प्रश्न विचारतं. तू कोण? आणि हे मागायचा अधिकार तुला दिला कुणी? मी आले तेव्हा दुसरा प्रश्न कुणी विचारतच नव्हतं. एकच पासवर्ड सगळ्यांना, आणि तोही भिंतीवर चिकटवलेला. आओ जाओ घर तुम्हारा! मग आम्ही प्रत्येकाला वेगळी किल्ली दिली, तिला मुदत घातली आणि ज्याचा अहवाल त्याचीच संमती, असा नियम केला. त्यावरून मला काय काय नावं ठेवली गेली, ते मला ठाऊक आहे. ठेवणारे आज पहिल्या दोन रांगांत आहेत. बसा, बसा, उठू नका.

नियम घरालाही लागू होता. आमचे हे समोरच्या इमारतीत, यंत्रं सांभाळणाऱ्या विभागात. मी स्कूटरने यायचे, हे बसने. रोज सकाळी दारातून एकच वाक्य, "पोचलीस की कळव." मी कधी कळवलं नाही. मी काय कुक्कुलं बाळ आहे? शेवटी एकदा भाजी चिरत होते तेव्हा हे म्हणाले, "अगं, हजेरीच्या यंत्रणेतून मला तुझी तेवढी नोंद बघू दे."

"का म्हणून?"

"का म्हणजे? नवरा आहे मी तुझा!"

"अहो, ती ओळख झाली. परवानगी कुठाय?"

हे हसले. दुसऱ्या दिवशी माझ्या पडद्यावर यांनी लिहिलेल्या प्रोग्रामची रीतसर विनंती आली. या प्रोग्रामला तुमची हजेरी पाहू द्यायची का? मी फक्त माझी, फक्त त्या त्या दिवसाची आणि फक्त वाचण्यापुरती एवढी संमती दिली; मुदत, माझी नोकरी असेपर्यंत. तेव्हापासून तो प्रोग्राम रोज सकाळी विचारायचा, आली का? मी दारात कार्ड लावलं की त्याला 'हो' मिळायचं आणि यांच्या टेबलावर हिरवा ठिपका लागायचा. मग हे चहाला जायचे, म्हणे.

गेल्या वर्षी हे त्याच टेबलाशी बसल्या बसल्या गेले.

गेलेल्या माणसाच्या किल्ल्या त्याच दिवशी रद्द करायच्या, हा माझाच नियम. मी इस्पितळातून इथे आले आणि एकेक करून सगळ्या रद्द केल्या. बाई दगडाची आहे, असं कुणीतरी म्हणालं. असेनही. मला रडू आलं नाही. अजून आलेलं नाही.

रजा संपवून परतले तेव्हा उद्यापासून माझी खुर्ची सांभाळणारे आपले शंकासुर, हो, तुम्हीच, दारात उभे. म्हणाले, "मॅडम, एक प्रोग्राम रोज तुमची हजेरी विचारतोय. बंद करू?"

मी विचारलं, "संमती कोणाची आहे?"

"तुमचीच."

यांना मिळालेल्या सगळ्या किल्ल्या मी काढून घेतल्या होत्या. मी दिलेली एक माझ्या ध्यानातच आली नव्हती. आमच्याच धंद्यात होते अशी चूक. शंकासुर खाली बघत म्हणाले, "उत्तर 'नाही' आलं की तो थोड्या वेळाने पुन्हा विचारतो. तुम्ही रजेवर होतात ना, तर तो संध्याकाळपर्यंत विचारत राहायचा. रोज."

मी म्हटलं, राहू द्या. आणि तेव्हापासून एकही रजा घेतली नाही. माझ्या निष्ठेचं आत्ता फार कौतुक झालं म्हणून सांगितलं.

आज संध्याकाळी माझं खातं बंद होईल. उद्या सकाळी तो विचारील, आली का? आणि आमचं दार सांगेल, अशी कोणी व्यक्ती इथे नाही. दाराचं बरोबरच आहे, तसं मीच शिकवलंय त्याला. पण ते उत्तर त्याला मिळू नये. संमती मी दिली, मीच काढून घेईन, म्हणजे तो विचारायचाच थांबेल. लेक काल म्हणाली, "आई, राहू दे ना." नाही गं. शंकासुरांनी बाहेरच्या टेबलावर संमती रद्द करायचा पडदा उघडून ठेवलाय. सकाळपासून माझं बोट काही तिकडे वळलेलं नाही. आता खाली उतरले की दाबते.

अध्यक्ष महोदयांचे, पाहुण्यांचे, फाटकावरच्या त्या पहारेकऱ्याचे आणि इतका वेळ ऐकून घेणाऱ्या तुम्हा सर्वांचे मनापासून आभार. बोलण्याच्या ओघात कुणाचं मन दुखावलं असेल, कुणाचा उल्लेख राहिला असेल, तर पदरात घ्या. आणि एक मागणं आहे. मी निघताना तुमच्यापैकी कुणीतरी मला म्हणा, पोचलात की कळवा.

कळवीन मी.